गायरानावर दाखवलेली फिल्म

माहितीपट करायला लागले तेव्हा मला वाटायचं, लोकांनी एकदा डोळ्यांनी बघितलं की पुढचं आपोआप होईल. मी वीजकेंद्राच्या राखेनं पांढरी पडलेली शेतं दाखवली, रसायनानं नासलेल्या विहिरी दाखवल्या. राख उडतच राहिली. मग लोक म्हणाले, नुसतं रडगाणं नको, उपाय दाखवा. म्हणून सौरऊर्जेवर एक फिल्म केली. माझ्या सगळ्या कामात लोकांना आवडली ती तेवढीच.

काही वर्षांनी ओळखीच्या कार्यकर्त्याचा फोन आला. शेंद्र्याच्या पलीकडं एका गावात गायरानावर सोलर प्रकल्प येणार होता. तिथं बौद्ध कुटुंबं आज्या-पणज्यापासून बाजरी, तूर पेरायची. सातबारा मात्र कुणाच्याच नावावर नव्हता. मी कॅमेरा घेऊन गेले. तुरीत खुरपत असलेल्या एका बाईशी बोलायला बसले. माझं नाव ऐकून ती थबकली.

"ताई, ती फिलिम तुमचीच व्हय?"

"कोणती?"

"कंपनीवाल्यांनी ग्रामसभेत दाखिवली ती. सूर्याची. लई चांगली व्हती. बघून समद्यांनी हात वर केले."

"तुम्हीसुद्धा?"

"म्या बी. त्यात कुटं व्हतं, का जमीन आमचीच जानार म्हनून?"

ती चिडली असती तर बरं झालं असतं. तिनं मला पाणी दिलं.

दुसऱ्या दिवशी मी कंपनीच्या शहरातल्या ऑफिसात जाऊन भांडले. साहेबांनी शांतपणे चहा मागवला. "मॅडम, आम्ही त्यातला एक शब्द बदलला नाही. कोळसा बंद करा, असं तुम्हीच म्हणता ना?"

म्हणत होते. आजही म्हणते.

मग मी दुसरी फिल्म केली, गायरानाची. उभ्या तुरीत शिरलेला जेसीबी, कलेक्टर कचेरीसमोर बसलेल्या बायका. शहरात ती दाखवली तेव्हा सभागृह अर्धं रिकामं होतं. पहिलाच प्रश्न आला, "म्हणजे आता तुम्ही सोलरच्या विरोधात का?" मी बराच वेळ समजावत राहिले. लोक घड्याळं बघत होते. ती फिल्म ग्रामसभेत कुणी लावली नाही. तोवर गायरानाला कुंपण घातलं गेलं होतं.

गेल्या हिवाळ्यात पुन्हा गेले. तीच बाई रोजंदारीवर सोलरच्या काचा धूत होती, टँकरच्या पाण्यानं. जिथं तिची तूर होती, साधारण तिथंच. मला बघून हसली. मी सवयीनं कॅमेरा उचलला, तर तिनं ओला हात आडवा धरला.

"नगं ताई. सायबानं बघितलं तर उद्यापासून काम नाय. आन् दाखवून तरी काय व्हतंय?"

मी कॅमेरा बंद केला. हातातलं फडकं पिळून ती पुढच्या ओळीकडं गेली.

हल्ली मी वेरूळच्या हॉटेलांच्या जाहिराती करते. नवीन फिल्म कधी, असं लोक विचारतात. विषय शोधतेय, असं सांगते. खरं तर विषय रस्त्यारस्त्याला पडलेत. दाखवायचं कुणाला आणि कशासाठी, तेच आता सुचत नाही.