हळदीचा हात

फाल्गुनात पोलादपूरच्या डोंगरांना भाजलेल्या मातीचा वास येतो. भातरोपांसाठी राखलेल्या तुकड्यांवर शेण आणि पालापाचोळा पसरून शेतकरी राब भाजतात, आणि तो निळसर, किंचित गोड धूर सावित्रीच्या खोऱ्यात दुपारभर रेंगाळत राहतो. हा वास आला की मला आमचे सुभेदार आठवतात. आणि सुभेदार आठवले की माझी सगळी ठाम मते पातळ होतात.

महायुद्धात इटलीपर्यंत जाऊन आलेला हा माणूस पुढे आमदार झाला. खादीची टोपी ते पलटणीतल्यासारखी एका भुवईकडे झुकवून घालत, आणि सभेत टाळ्या पडल्या की नकळत सलाम ठोकत. मी महाडच्या हायस्कुलात मराठी शिकवीत असे व फावल्या वेळी त्यांची भाषणे लिहीत असे. त्यांत मी किती वेळा पहाट उगववली, हे आठवून आज ओशाळायला होते. सुभेदारांना स्वतःला पहाटेची गरज नसे. 'पूल होईल?' 'होईल.' 'यंदा?' 'नाय.' प्रश्न संपायच्या आत उत्तर, अशी त्यांची ख्याती होती.

अशाच एका फाल्गुनात डोंगरातल्या एका वाडीत त्यांचा सत्कार होता. आंब्याच्या डहाळ्यांची कमान, शाळेतून डोक्यावर वाहून आणलेली एकुलती एक खुर्ची, आणि एकच धून येणारा एक सनईवाला. हार घालून झाले, तेव्हा बायकांतून पार्वतीवहिनी उठल्या. त्यांचा नवरा धोंडू सुभेदारांचा बालमित्र. दोघे एकाच दिवशी भरती झाले, एकाच तुकडीत लढले. सुभेदार परतले. धोंडूच्या नावाचा नुसता कागद आला, 'बेपत्ता' असा. वहिनी तेव्हापासून कुंकू लावून होत्या, आणि इतक्या वर्षांत त्यांनी सुभेदारांना काही विचारले नव्हते.

"भावोजी," त्या म्हणाल्या, "सुंदराचं लगीन ठरलंय. सोयरे म्हनतात, आईचं काय ते नक्की कळू दे. पोरीला पयली हळद मी लावू का नको? तुमी सांगाल तसं."

हळद सवाष्णीने लावायची. विधवेने दूर राहायचे. एवढ्या एका प्रश्नात त्यांनी धोंडूचे मरण विचारले होते.

सनई थांबली. सुभेदारांनी माझ्याकडे पाहिले. याचे उत्तर मी लिहून दिलेले नव्हते. त्यांनी हारातल्या झेंडूची एक पाकळी खुडली, मग दुसरी. कुणीतरी खोकले. मग ते म्हणाले, "लावा, वहिनी. धोंडू पडल्याचं मी नाय पाहिलं."

डोंगर उतरताना पहिल्या वळणावर ते म्हणाले, "मास्तर, मीच पुरला त्याला. नदीकाठी." दुसऱ्या वळणावर थांबले. "चेहरा राहिला नव्हता हो. कोट त्याचा होता. पण थंडीत आम्ही कोट अदलाबदल करायचो." मग ते पुढे उतरू लागले. मला काय मानावे ते कळेना. त्यांना स्वतःला तरी कळले होते का, हेही.

लग्न वैशाखात झाले. हळदीला आम्ही दोघे गेलो. भाषण नव्हते. सुंदरा पाटावर बसली, कुटलेल्या ओल्या हळदीच्या वासाने घराची ओटी दरवळून गेली. पार्वतीवहिनींनी वाटी उचलली, क्षणभर हातात धरली आणि जावेकडे दिली. मग चौकटीला टेकून उभ्या राहिल्या, दोन्ही हात पदराखाली. कपाळावर कुंकू होतेच.

सुभेदार उठून अंगणात गेले. न राहवून मी वहिनींजवळ गेलो. "वहिनी, साहेबांनी लावा म्हणून सांगितलं होतं ना?"

"सांगितलं ना, गुरुजी," त्या मुलीवरची नजर न काढता म्हणाल्या, "पन लय येळानं सांगितलं."

म्हणजे वहिनींना कळले होते, असे मी मनाशी पक्के करू पाहतो. पण मग ते कुंकू? सुभेदार पुढे निवडणूक हरले, गेलेही. वहिनी अजून कुंकू लावतात, आणि कुणाच्याही हळदीला हात लावीत नाहीत. विचारायचे धाडस मला पुन्हा झाले नाही. फाल्गुनात त्या वाटेने जाताना राबाच्या धुरापलीकडे कधी एखादा माणूस दिसतो. तो येतो आहे की जातो आहे, ते कळत नाही. मी आपला थांबून राहतो.