वेंकटेशची माशांची डिस्क

लताचा फोन आला तेव्हा मी शेंगा भाजत होते. “काकू, बाबा गेले,” एवढंच म्हणाली. शेंगा करपल्या तरी मी फोन धरूनच उभी... तिचे बाबा म्हणजे वेंकटेश, आमचा शेजारी. मागच्या अंगाला टॉवेलचे माग आणि पुढच्या खोलीत तीन टीव्ही मांडून व्हिडिओ गेमचं पार्लर, असा त्याचा संसार.

पार्लर जोरात होतं तेव्हा मी एका वकिलांकडे टायपिस्ट होते. नोटिसा बडवून बडवून आपणच वकील झालो, असा माझा समज. चालायची ऐट अशी, की कोर्ट माझ्यासाठीच उघडतं! रविवारी मात्र हीच बाई वेंकटेशकडे मासे पकडायचा जपानी गेम खेळत बसायची. एक अक्षर कळायचं नाही, पण गळ हलला की किंचाळायचे. मोठा मासा दर वेळी निसटायचा. मी डिस्क पदराने पुसायला घेतली की तो ओरडायचा, “गोल न्हाय वैनी, चरे पडतात. मधनं कडंला, सरळ.” आणि टॉवेलचा मऊ तुकडा पुढे करायचा.

पुढे पार्लर बंद पडलं, डिस्क खराब व्हायला लागल्या. म्हणून त्याने प्रत्येकीची जशीच्या तशी प्रत कॉम्प्युटरमध्ये भरून ठेवली. जुनी गिऱ्हाइकं मागायची, हा फुकट काढून द्यायचा. एकदा मी कमरेवर हात ठेवून उभी राहिले. “हा गुन्हा आहे. पोलीस आले तर?”

“कंपनीच बुडाली की वैनी. विचारायचं कुणाला?”

“ते मला सांगू नकोस. सगळं काढून टाक.”

माझ्यावर लई विश्वास त्याचा. माझ्यादेखत एकूण एक प्रत पुसून टाकली. “झालं. मासेबी गेले.” वर मी त्याच्याच घरचा चहा पिऊन आले.

दुसऱ्या दिवशी हा पराक्रम मी साहेबांना ऐकवला. ते मान वर न करता म्हणाले, “वाटणं चूकच. कंपनी बुडाली तरी हक्क कुणाकडे तरी असतातच. पण विकत घेतलेली डिस्क खराब होईल म्हणून स्वतःपुरती एक प्रत ठेवायला कायद्यात जागा आहे, बाई. तेवढी तरी ठेवू द्यायची.”

हे मी वेंकटेशला सांगितलं नाही. मधे एक भिंत, पण उद्या सांगू, उद्या सांगू म्हणत वर्षं गेली. वकिलीणबाईंची चूक निघाली असती ना! तोवर मूळ डिस्क एकेक करून मुक्या झाल्या.

शेवटचं भेटायला गेले ते ठरवूनच, की आज सांगायचं. तर खाटेवरून तोच हसला. “वैनी, मोठा मासा काय गावला न्हाय तुमाला.” “तुझा गेमच लबाड,” मी म्हणाले. तो इतका हसला की त्याला ठसका लागला. मी पाणी दिलं... आणि घरी आले.

परवा लता पार्लरमधलं गेमचं यंत्र आणि टॉवेलात गुंडाळलेली माशांची डिस्क देऊन गेली. मी लावून पाहिली. फिरते, अडखळते, परत फिरते, पडदा काळाच. तरी रोज बाहेर काढते, मधनं कडंला सरळ पुसते, आणि पुसताना भिंतीकडे बघून सांगते, “वेंकटेश, एक ठेवायला चालत होतं रे.”