बडग्याच्या खिशातला कांदा

पृथ्वीच्या तापाची जबाबदारी एकट्याच्या अंगावर घेऊन बसलेला माणूस अख्ख्या नागपुरात एकच आहे, आणि तो नेमका माझा घरमालक आहे. इतवारीतल्या आमच्या गल्लीत सगळे त्यांना काका म्हणतात, म्हणून मीही म्हणतो. ते आणि काकू वर राहतात, मी, त्यांचा भाडेकरू शाळामास्तर, खाली. काकांनी जन्मभर वीज केंद्रात कोळशाच्या पट्ट्यावर देखरेख केली. निवृत्त होईपर्यंत त्यांचा आणि हवामानाचा संबंध ‘आज लय उकडते’ एवढ्यापुरताच होता. मग टीव्ही पाहायला मोकळा वेळ मिळाला आणि तिथेच घात झाला. कुठल्याशा वाहिनीवर त्यांनी बर्फाचे डोंगर वितळताना पाहिले आणि तसेच चहाचा कप हातात घेऊन खाली आले. “मास्तर, कोळसा जाळला का तिकडं बरफ वितळते म्हणते गा. मी त जन्मात बरफ फक्त उसाच्या रसात पाह्यला!” एखाद्या सज्जन माणसाला दूरच्या शहरातल्या खुनाच्या खटल्यात साक्षीला बोलवावं, तसा त्यांचा चेहरा झाला होता. तो चेहरा पुढे उतरलाच नाही.

त्यांचा मुख्य गुण असा, की त्यांना सगळ्यांचंच पटतं. सकाळी वर्तमानपत्र सांगेल ते सकाळी पटतं, संध्याकाळी मोबाइलवर येईल ते संध्याकाळी. एकदा त्यांनी चांगली चालती स्कूटर विकून विजेवर चालणारी घेतली. काही दिवस ती गल्लीतून अशा दिमाखात फिरवली, की लोक ओट्यावरून उठून पाहायचे. मग एका दुपारी चार्जिंगची पिन हातात धरून ते एकदम थबकले. “मास्तर, हे वीज येते कुठून?” “तारेतून,” मी म्हणालो. “अन् तारेत?” हे उत्तर साऱ्या गल्लीत त्यांच्याइतकं कोणालाच ठाऊक नव्हतं. “कोळसाच जाळायचा होता, त पेट्रोलनं का घोडं मारलं होतं गा?” असं म्हणून त्यांनी पिन खाली ठेवली आणि भर मे महिन्यात बाजाराला पायी निघाले. परत आले ते ऑटोतून. मी काही बोलायच्या आत म्हणाले, “तो त तसाही इकडंच येऊन राहिला होता.”

पायी जाताना त्यांच्या नोकरीतल्याच जुन्या खाकी सदऱ्याच्या खिशात कांदा असतो. ऊन लागू नये म्हणून खिशात कांदा ठेवायची आमच्याकडची रीत जुनीच आहे, पण आता ती एकतर म्हातारी माणसं पाळतात, नाहीतर काका. वरच्या खिशात कांदा, शेजारी पेन, आणि डोक्याला ओला दुपट्टा. दुरून पाहिलं तर छातीवर गाठ आल्यासारखं दिसतं. गॅलरीत त्यांनी एक तापमापकही टांगला आहे आणि रोज रात्रीच्या बातम्यांशी त्यांचा वाद होतो. “टीव्हीवाल्यांचा पारा सावलीतला. माणूस का सावलीत राहून राहिला आहे?” आता सावलीवरून आठवलं. गल्लीच्या तोंडाशी एक कडुनिंब आहे. तिथे सिमेंटचा रुंद रस्ता करायचं ठरलं, तेव्हा झाड वाचवा म्हणणारे आणि रस्ता लवकर करा म्हणणारे असे दोन अर्ज गल्लीत फिरले. दोन्हींवर पहिली सही काकांची होती. मी विचारलं, तर मलाच वेड्यात काढून म्हणाले, “रस्ता नको का आपल्याले? अन् झाडही नको का?” यातलं चूक काय ते मला आजवर सांगता आलेलं नाही.

वाढत्या उन्हावर काय करायचं, यासाठी वॉर्डात एक जनजागृती सभा झाली. काकांनी मला बळेच ओढून नेलं. सभागृह इतकं गार की मागच्या रांगेतल्या बायकांनी डोक्यावर पदर घेतले होते. पुढे एक साहेब पडद्यावर चित्रं दाखवत होते आणि आम्ही प्रत्येकाच्या हातात आलेल्या प्लॅस्टिकच्या बाटल्यांतून पाणी पीत होतो. काका ताडकन उभे राहिले. “साहेब, हे हॉल इतकं थंड काहून केलं गा? मले स्वेटर लागून राहिला.” टाळ्या पडल्या. काका समाधानाने खाली बसले आणि पाच-दहा मिनिटांत घोरायला लागले. घरी येताना म्हणाले, “सभा चांगली होती. झोप मस्त लागली.” त्याच आठवड्यात गच्चीवर सौर पॅनल बसवायचं ठरवून त्यांनी मिस्त्रीही बोलावला. पण गच्ची म्हणजे काकूंच्या कुरडयांचं राज्य. काकूंनी दारातच मिस्त्रीला अडवलं. “ऊन वाढलं, ऊन वाढलं म्हणून बोंबलून राहिले, अन् होतं नव्हतं ऊन त्या काचेखाली घालता? मंग माह्या कुरडया कुठं वाळवू?” मिस्त्रीने चहा घेतला आणि गेला. सरकारची धोरणं कुठे अडतात यावर विद्वानांची बरीच मतं असतील, आमच्या घरी तरी ती कुरडयांवर अडली.

इथपर्यंत सगळी गंमतच होती. पण गेल्या उन्हाळ्यात काकांनी पाणी वाचवायचं मनावर घेतलं आणि कूलरचा पंप बंद केला. पंखा चालू, पाणी बंद. नागपूरच्या मे महिन्यात पाण्याविना कूलर म्हणजे नुसता घरात लू ओढून घेणारा डबा. काकू दोन दिवस बोलल्या, मग बोलायच्या थांबल्या. तिसऱ्या दुपारी वर काहीतरी पडल्याचा आवाज आला. मी धावत गेलो, तर काकू ओट्यापाशी आडव्या पडलेल्या, अंग तव्यासारखं तापलेलं, लाटलेली पोळी पोळपाटावर तशीच. काका नुसतं “ऐकतं का वं? ऐकतं का?” म्हणत होते. दवाखान्यात सलाइन लागलं. डॉक्टर म्हणाले, वेळेवर आणलं म्हणून बरं. काकांनी आपल्या खिशातला कांदा काढला आणि गुपचूप काकूंच्या उशीखाली सरकवला. मी तोंड फिरवलं, कारण मला हसू येईल की रडू, याचा भरवसा वाटेना.

काकू घरी आल्या त्या दिवशी त्यांच्या खोलीत एसी लागला होता. जो माणूस माझ्या जिन्यातला दिवा जाता येता बंद करायचा, त्याने एका शब्दाचीही चर्चा न करता तो लावला. मात्र त्याचा बाहेरचा डबा गॅलरीत बसवला आणि त्याच्या बरोबर समोर स्वतःची खुर्ची मांडली. सगळी गरम हवा भसाभस त्यांच्या अंगावर. मी म्हटलं, “काका, खुर्ची तरी सरकवा.” “राहू दे गा. तिले थंड, मले गरम. कोनाले त घ्यावंच लागते नं?” मग म्हणाले, “मास्तर, हिले पाडलं कोनं? ऊन असं पहिलेही होतं, पन असं नव्हतं. कोनं केलं हे?” पंप कोणी बंद केला होता हे आम्हा दोघांनाही माहीत होतं. पण ते तेवढंच विचारत नव्हते.

उत्तर त्यांनी मारबतीत शोधायचं ठरवलं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात काळ्या आणि पिवळ्या मारबतीची, म्हणजे बाईच्या रूपातल्या दोन मोठ्या पुतळ्यांची, मिरवणूक निघते. ‘ईडा पीडा घेऊन जा गे मारबत’ असं ओरडत लोक तिच्या मागे चालतात, आणि सोबत त्या वर्षी ज्याने छळलं त्याचा पुतळा करून मिरवतात आणि शेवटी जाळतात. तो बडग्या. आमच्या गल्लीचं मंडळ दरवर्षी एक करतं. “यंदा बडग्या या तापाचा,” काकांनी जाहीर केलं. सगळे हो म्हणाले. मग कोणीतरी विचारलं, “पन काका, तोंड कोनाचं लावायचं?” आणि ओट्यावरची सभा तिथेच रुतली. कोणी म्हणालं, अमेरिका. ती इतकी लांबची, की तिला ओळखणार कोण आणि शिव्या पोचणार कशा? कोणी म्हणालं, एसीवाले. एसीचा दुकानदार मंडळाचा मोठा देणगीदार निघाला. मोटारवाले म्हटलं, तर अध्यक्षांनी दारातल्या आपल्या नव्या गाडीकडे पाहिलं. शेवटी कोणीतरी हळूच म्हणालं, “कोळसा.” काका लालबुंद झाले. “त्या कोळशावर माही पोरगी उजवली गा! हे घर उभं आहे त्याच्यावर!” आणि मग एकदम आवाज उतरवून म्हणाले, “तुम्ही नका पाहू. मी पाहतो.”

मागच्या अंगणात चादर बांधून काका आठवडाभर खपले. थर्माकोल नाही, प्लॅस्टिक नाही. नुसतं बांबू, बारदान आणि रद्दी. मिरवणुकीच्या सकाळी बडग्या बाहेर आला, तेव्हा लोक गोंधळून पाहत राहिले. शिंगं नाहीत, सुळे नाहीत. साधा उभा माणूस, अंगात विटका खाकी सदरा. चेहऱ्याच्या जागी कोरं बारदान. “कोन आहे हा?” रस्ताभर लोक विचारत होते आणि आमच्या मंडळातला प्रत्येक जण वेगळं उत्तर देत होता. एकाने सरकार सांगितलं, एकाने ठेकेदार. काका मागे मान खाली घालून चालत होते, अगदी मयतीला चालावं तसे.

बडगे जाळायच्या मैदानावर बायकांच्या गर्दीत काकूही उभ्या होत्या. माणसं काडी ओढणार, तेवढ्यात त्यांची नजर बडग्याच्या वरच्या खिशावर गेली. खिसा फुगलेला होता. काकूंनी गर्दी सारली, पुढे येऊन खिशात हात घातला, आतला कांदा पाहिला आणि परत आत ठेवला. “थांबा गा!” त्या ओरडल्या. मग तो सदरा मुठीत धरून म्हणाल्या, “याच्यातला कोळसा मी जन्मभर धुतला. त्याच कोळशावर मी संसार केला, आता थंड हवेत झोपून राहिली. मंग हा एकटाच काहून जाळता? मलेही बसवा याच्या बाजूले.” ढोल थांबले. काका पुढे झाले आणि म्हणाले, “घरी चाल वं.” पण काकू बडग्याला सोडायला तयार नव्हत्या. बाहेर काढलेली ईडा-पीडा कोणी घरी परत नेत नाही. आमच्या गल्लीने त्या दिवशी नेली. म्हातारी माणसं कानाला हात लावत होती. काकू म्हणाल्या, “आपलीच आहे, राहू द्या आपल्या घरी.”

तेव्हापासून तो बडग्या गॅलरीत काकांच्या शेजारच्या खुर्चीवर बसलेला असतो. परवा दिवेलागणीला मी वर गेलो. पाऊस दडी मारून बसला होता आणि घामाने जीव नकोसा झाला होता. अंधूक उजेडात दोन खाकी सदरे शेजारी शेजारी दिसले. मी म्हटलं, “काका, आत बसा ना जरा.” उत्तर नाही. मग दुसऱ्या खुर्चीतून आवाज आला, “तो नाही बोलत गा. मी इकडं आहे.” तेवढ्यात एसीचा आवाज थांबला. काकू तो बंद करून बाहेर आल्या आणि आमच्यात येऊन बसल्या. बाहेर वाऱ्याची झुळूक नव्हती. थोडा वेळ चौघंही बसलो. कडुनिंब अजून उभा होता, त्याच्या बुंध्यावर रस्तावाल्यांनी मारलेली पांढरी खूण खालच्या दिव्यात दिसत होती. काकू पदराने मान पुसायला लागल्या, एकदा, मग पुन्हा. काका उठले, त्यांना हाताला धरून आत घेऊन गेले, आणि एसी पुन्हा सुरू झाला.

परत येऊन ते आपल्या खुर्चीत बसले. गरम हवेचा झोत आमच्या अंगावर येऊ लागला. कोणाचं चुकलं हे मला तेव्हाही कळत नव्हतं, आताही कळत नाही. फक्त त्या माणसाबद्दल फार माया वाटली. काकांनी शेजारच्या बडग्याच्या खिशातून कांदा काढला आणि माझ्या हातात दिला.

“ठेवा खिशात, मास्तर. तुमच्याकडंही हवा येऊन राहिली आहे.”

मी ठेवला.