रस्त्यातल्या विटा

धुरपताबाई पहिल्यांदा माझ्या लक्षात आल्या त्या त्यांच्या हातोड्यामुळे. बाकीच्या बायांचे हातोडे एका लयीत पडायचे. यांचा मध्येच थांबायचा.

बहात्तरच्या दुष्काळाचा तो शेवटचा उन्हाळा, म्हणजे त्र्याहत्तरचा मे. शाळांना सुट्टी होती आणि आम्हा मास्तरांना खडी केंद्रांवर हजेरी घ्यायला लावलं होतं. मुरुडपासून चार कोसांवरच्या पळसखेड्याचं केंद्र माझ्याकडे आलं. गावाबाहेर पांढरीचं, म्हणजे जुन्या मोडलेल्या वस्तीच्या मातीचं, एक टेकाड होतं, त्याच्या पायथ्याशी दोनशे माणसं दगड फोडायला बसत. बायांनी बोटांना सायकलच्या ट्यूबचे तुकडे गुंडाळलेले असत. मी छत्रीखाली बसून नावं पुकारायचो. दुपारी सुकडी वाटली की माझं काम निम्मं संपायचं. मग मी नुसता बघत बसायचो, आणि बघता बघता मला त्या थांबणाऱ्या हातोड्याची सवय लागली.

धुरपताबाई तेव्हा पंचविशीच्या असतील. काटक, सावळ्या, बोलायला कमी. गावच्या बौद्ध वस्तीतल्या. तेव्हा मी त्यांना अगं-तुगं करायचो. दुष्काळी कामावर सगळेच करायचे, आणि मीही वेगळा नव्हतो.

काम काळ्या दगडाचं होतं. काळा दगड कसा असतो ते ज्याने फोडला त्यालाच ठाऊक. पण टेकाड उकरताना जुन्या विटा निघायला लागल्या. केवढ्या मोठ्या! आजच्या चार विटांची एक होईल. आणि त्या दोन घावांत फुटायच्या. संध्याकाळी माप व्हायचं, बिनबुडाची लाकडी पेटी खडीने भरून. पेटी भरली नाही तर त्या टोळीची मजुरी कापली जायची. बायांनी आपोआप एक रीत पाडली. ढिगाच्या पोटात विटांचा चुरा आणि वरून काळी खडी. मला हे दुसऱ्याच दिवशी कळलं. मी काही बोललो नाही. मोजणीला येणारे व्यंकटराव ओव्हरसियर ढिगात काठी खुपसायचा आळस करायचे, आणि मी मापाच्या कागदावर ‘काळा दगड’ असं लिहून सही करायचो. त्या दिवसांत कुणाचं पोट भरायचं तर एवढी डोळेझाक पुरायची. मला ते पुण्याचं वाटे.

एके दिवशी धुरपताबाई हातात वीट घेऊन छत्रीपाशी आल्या.

“गुरुजी, हे बघा की.”

विटेवर लहान मुलाचं पाऊल उमटलेलं होतं. चार-पाच वर्षांच्या पोराचं असेल. पाची बोटं स्पष्ट, अंगठा जरा खोल गेलेला, पोर पळताना गेला असावा तसा. मी ती वीट हातात घेतली, परत दिली. म्हणालो की वीट ओली असताना कुणाचं तरी पोर तिच्यावरून पळालं असेल, त्यात काय एवढं. त्यांनी विचारलं, ह्या विटा कुणी केल्या? मी म्हणालो, असेल जुनं काही, रझाकाराच्या आधीचं.

मी मास्तर होतो. मला यापेक्षा जास्त माहीत असायला हवं होतं.

त्यांनी ती वीट डोईवरच्या फडक्यात गुंडाळून बाजूला ठेवली. चारच्या सुमाराला व्यंकटरावांच्या जीपचा धुरळा दिसला. धुरपताबाईंच्या टोळीची पेटी चार बोटं कमी भरत होती. मी त्यांच्याकडे गेलो आणि म्हणालो, “अगं, ती वीट टाक त्यात. माप व्हायच्या आत फोड.”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग वीट पालथी केली, म्हणजे पाऊल खाली गेलं, आणि फोडली. पेटी भरली.

ती सगळी खडी पळसखेडा-मुरुड रस्त्याला गेली.

पुढे अठ्ठ्याहत्तरला माझी बदली पळसखेड्याच्याच शाळेवर झाली. धुरपताबाईंची मुलगी सरजा माझ्या वर्गात होती. आम्ही दरवर्षी मुलांना एका दिवसाच्या सहलीला तेरला न्यायचो. ऐंशी साली मुलांच्या भाकरी-पाण्यासाठी ज्या चार आया बरोबर आल्या, त्यांत धुरपताबाई होत्या. तोवर मी त्यांना अहो-जाहो करू लागलो होतो, पालक म्हणून.

तेरला आधी गोरोबाकाकांच्या देवळात गेलो. मग त्रिविक्रमाच्या. मुलांना ओळीत उभं करून मी पुस्तकातलं वाचलेलं सांगू लागलो. बघा मुलांनो, हे देऊळ विटांचं आहे. मागची बाजू गोल आहे, वरचं छप्पर पालथ्या नावेसारखं आहे. जाणकार सांगतात की हे मुळात बौद्धांचं चैत्य असावं, फार जुनं. देव नंतर आत आला. मुलं माकडांकडे बघत होती. धुरपताबाई मात्र भिंतीजवळ गेल्या. हाताची वीत पसरून त्यांनी एक वीट मोजली, आडवी, मग उभी. मग दुसरी मोजली. मग तिथेच खाली बसल्या.

मी पाणी पाठवलं. मला वाटलं, ऊन लागलं.

परतताना बसमध्ये त्या माझ्यामागच्या बाकावर होत्या. मुरुड मागे पडून पळसखेड्याचा रस्ता लागला तसं त्या पुढे वाकून हळू म्हणाल्या, “गुरुजी, त्या आपल्याच विटा हायेत. आपण बुद्धाचं घर फोडून रस्त्यात घातलं.”

‘मी’ म्हणाल्या नाहीत, ‘तुम्ही’ही म्हणाल्या नाहीत. बस त्याच रस्त्यावरून धावत होती.

पुढच्या बुद्धपौर्णिमेपासून त्यांनी स्वतःची सहल सुरू केली. वस्तीतली तीस-चाळीस माणसं, पांढरी लुगडी, धपाट्यांची गाठोडी, आणि भाड्याचा एक टेम्पो. वाचता न येणारी बाई माहिती सांगे आणि माणसं ऐकत. मी दोनदा बरोबर गेलो. त्रिविक्रमाच्या देवळात त्या आधी आतल्या देवाला हात जोडायला लावत. “घर कुणाचं बी असंना, आत हाय त्याला आधी रामराम घालावा,” असं म्हणत. मग भिंत दाखवत. प्रत्येकाला वीत पसरून वीट मोजायला लावत. माझ्या सगळ्या सहलींत एकाही मुलाने विटेला हात लावला नव्हता.

दिवस कलल्यावर टेम्पो पळसखेड्याच्या अलीकडे थांबे. तिथे त्या सगळ्यांना पायताणं काढायला सांगत. रस्त्याकडेच्या कडुलिंबापासून पुढच्या पुलापर्यंत, जिथे ती विटांची खडी पडली होती तेवढ्या तुकड्यात, सगळी माणसं चपला हातात घेऊन डांबरावरून अनवाणी चालत, आणि तिथून टेकाडावर जाऊन पंचशील म्हणत. वैशाखातलं डांबर, दिवस कलला तरी चटका द्यायचं. लहान पोरं उड्या मारत चालायची.

फाट्यावर गुरुपादप्पांचं किराणा दुकान होतं. ते मिश्किल माणूस. पहिल्या वर्षी त्यांनी गल्ल्यावरूनच आवाज दिला, “काय ओ धुरपताबाई, समद्यांचं देऊळ वर असतंय, तुमचंच बरं खाली?”

“वरचं आमीच खाली घातलं, आप्पा,” धुरपताबाई चालता चालता म्हणाल्या.

दुसऱ्या वर्षापासून त्या दिवशी गुरुपादप्पा दुकानापुढे पाण्याचा रांजण भरून ठेवू लागले.

मग ब्याऐंशीला लातूर जिल्हा झाला. उस्मानाबादेतून आम्ही सुटलो म्हणून मुरुडात फटाके वाजले. नव्या जिल्ह्याच्या नव्या योजना आल्या, त्यात पळसखेड्याला पिण्याच्या पाण्याची टाकी आली. टाकी उंचावर हवी, आणि गावात उंच जागा एकच होती, ते टेकाड. दुष्काळ पाहिलेल्या गावात पाण्याच्या टाकीला नको कोण म्हणणार?

धुरपताबाईही नको म्हणाल्या नाहीत. टाकी शंभर पावलं पलीकडे, माळावर बांधा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. वस्तीतला साहेबराव नव्या कचेरीत कारकून लागला होता. त्याने सांगितलं की टेकाडात जुनं बांधकाम आहे असा कुणाचा तरी लेखी जबाब हवा. दुष्काळी कामाचे कागद उस्मानाबादेत राहिलेत, ते येता येता वर्ष जाईल. बायांचे अंगठे चालतील, पण त्या वेळच्या सरकारी माणसाची सही असेल तर साहेब काम थांबवतील, जागा बघायला माणूस पाठवतील.

त्या वेळचा सरकारी माणूस मी.

त्या शाळेत आल्या तेव्हा मधली सुट्टी होती. उंबऱ्याबाहेर उभ्या राहिल्या, मी म्हटल्यावर खुर्चीवर बसल्या. त्यांनी सगळं नीट सांगितलं. मी ऐकत होतो आणि माझ्या डोळ्यांपुढे मापाचे ते कागद येत होते. ‘काळा दगड’ आणि खाली माझी सही, दोन महिने, रोज. विटा होत्या असं आज लिहायचं म्हणजे तेव्हा खोटं लिहिलं असं लिहायचं. नव्या जिल्हा परिषदेत मुख्याध्यापकांच्या बढतीची यादी तेव्हाच तयार होत होती.

त्यांना माझ्या तोंडाकडे बघून ते कळलं असावं. म्हणाल्या, “तुमी नुसतं लिवा की टेकाडात विटा हायेत. ढिगात घातल्या ते नका लिवू. ते माझ्या नावावर राहू द्या.”

माझी सुटका करण्याची वाटही त्यांनीच शोधून आणली होती. मी म्हणालो, परीक्षा होऊ द्या, सवडीने नीट लिहितो. त्या बऱ्याच वेळा आल्या. एकदा पेपर तपासायचे होते. एकदा मी मुरुडला होतो. एकदा घरात असून मी बायकोला, नाहीत म्हणून सांग, असं म्हणालो. त्या वेळी त्या ओसरीवर पाणी पिऊन गेल्या. मी आतून त्यांच्या तांब्या ठेवण्याचा आवाज ऐकला. त्यानंतर त्या आल्या नाहीत.

बढतीच्या यादीत माझं नाव लागलं. त्यानंतर आठ दिवसांनी मी जबाब लिहिला. सगळा लिहिला, ढिगाचंसुद्धा. एकच पान झालं, अर्धा तास लागला. कागद खिशात घालून मी टेकाडाकडे गेलो तेव्हा पायाचे खड्डे खोदून झाले होते. विटा पुन्हा निघाल्या होत्या. ठेकेदाराच्या माणसांनी त्या ट्रॅक्टरमध्ये भरून रस्त्यांवरच्या खड्ड्यांच्या भरावाला नेल्या होत्या. धुरपताबाई मातीच्या ढिगाशी एकट्याच बसल्या होत्या. ढिगातून काही सापडतं का ते बोटांनी चाचपत होत्या.

मी कागद पुढे केला. त्यांनी तो घेतला, उलटसुलट करून पाहिला, घडीवर घडी घातली.

“आता कुणाला दावायचा, गुरुजी?”

मी म्हणालो की मला लवकर लिहायला हवं होतं. माझं चुकलं.

“ऱ्हाऊ द्या,” त्या म्हणाल्या. आवाजात राग नव्हता. “तवा तुमी बघितलं न्हाई, म्हून आमची पोटं भरली. आता बी बघितलं न्हाई. तुमाला सवय लागली असंल.”

त्यांनी ते टोचून म्हटलं नव्हतं. वर्गातल्या मुलाबद्दल मी जसं एखादं निरीक्षण नोंदवायचो, तसंच त्यांनी ते म्हटलं. चाळीस वर्षं झाली. मी मुख्याध्यापक झालो, निवृत्त झालो, सत्काराच्या शाली घरात पडून आहेत. माझ्याविषयी इतकं अचूक दुसरं कुणी काही बोललेलं नाही.

सहल पुढेही कितीतरी वर्षं चालली. टेकाड टाकीखाली गेलं होतं, म्हणून पंचशील पुलावरच म्हणत. मी मात्र नंतर कधी गेलो नाही. त्यांनी बोलावलं होतं. दर वर्षी साहेबरावाकडून निरोप यायचा, की गुरुजींना म्हणावं, टेम्पोत पुढची जागा धरली आहे. मी दर वर्षी काहीतरी कारण सांगितलं. मग गुडघे गेले म्हणून त्यांनीच सहल बंद केली. नव्या पोरांना लांबची लेणी बघायला बस मिळते. रस्ता सिमेंटचा झाला. खालची खडी आहे तिथेच असेल.

गेल्या महिन्यात सरजा भेटली. ती मुरुडला असते, आईला आपल्याकडे चल म्हणून थकली. धुरपताबाई पंचाहत्तरी ओलांडून पळसखेड्यातच एकट्या राहतात. त्या टाकीचं पाणी त्यांच्या नळाला दर चौथ्या दिवशी येतं, आणि त्या दोन घागरी व एक हंडा भरून घेतात.