आठ नंबरचं आडनाव

जर्सीचं पार्सल भाऊंनी स्वतः फोडलं. भाऊ म्हणजे आमच्या फुटबॉल क्लबचे सेक्रेटरी. मैदानाच्या कडेला पत्र्याची शेड होती, तिथे आम्ही चिखलाच्या पायांनी बाकांवर बसलो होतो. क्लबला पहिल्यांदाच स्पॉन्सर मिळाला होता, एक बिल्डर. आणि पहिल्यांदाच प्रत्येकाच्या पाठीवर इंग्रजीत आडनाव छापून येणार होतं. टीव्हीवर असतं तसं.

भाऊ एकेक जर्सी उलगडत, आडनाव मोठ्याने वाचत. पोरं टाळ्या वाजवत. एक नंबर. चार. पाच. माझा आठ. मी आधीच उठून उभा राहिलो होतो.

भाऊंनी वाचलं, "एकलहरेकर."

मी इकडेतिकडे बघितलं. या नावाचं आमच्यात कुणी नव्हतं.

"अरे घे की. तूच तो."

मी नाशिकजवळ एकलहऱ्याला राहतो. वीज केंद्राच्या चिमण्या आमच्या दारातून दिसतात. माझं आडनाव मात्र वेगळं आहे. ते ऐकलं की समोरच्याला माझी जात कळते, वस्ती कळते, भिंतीवर कुणाची तसबीर असेल तेही कळतं. भाऊंनी ते काढलं होतं आणि माझ्या गावाला 'कर' लावून नवीन बनवलं होतं.

शेड हसली.

"आयला, हा तर डायरेक्ट सदाशिव पेठेत गेला."

"या या, एकलहरेकर. जेवूनच आला असाल ना?"

मीही हसलो. हे लिहायला हवं. मीही हसलो.

मग भाऊंनी मला शेडच्या मागे नेलं. खांद्यावर हात ठेवला. हात प्रेमाचा होता. म्हणून तो झटकता आला नाही.

"हे बघ, मी तसलं काही मानत नाही. तुला माहितीय. पण पाठीवर एवढ्या मोठ्या अक्षरांत... मागच्या वर्षी बाहेरगावी पब्लिक काय काय ओरडलं, विसरलास? शिवाय स्पॉन्सरची माणसं येणार. आणि तुमच्यातही आहेत की 'कर'वाले. तुझ्याच भल्याचं आहे. चालेल ना?"

मी म्हणालो, "चालेल."

मला कुणी मारलं नाही. कुणी हाकललं नाही. मला रीतसर विचारलं गेलं आणि मी चालेल म्हणालो. आमच्याकडून हा शब्द काढून घेणं किती सोपं आहे. तो ओठांवर तयारच असतो. बाहेर थांब, चालेल. नंतर ये, चालेल. हे नाव घाल, चालेल.

'कर' मला परका नव्हता. आमच्या वस्तीत 'कर' लावणारी कितीतरी घरं आहेत. ती नावं त्या घरांनी धरली, मिरवली, त्यांच्यापायी मार खाल्ला. माझं माझ्यावर इस्त्रीने चिकटवलेलं होतं.

माझे वडील, अण्णा, पेंटर होते. वीज केंद्रात कंत्राटदाराकडे रोजावर. पाइपांवर बाण काढायचे, टाक्यांवर नंबर टाकायचे, 'धोका' लिहायचे. त्यांचं अक्षर छापल्यासारखं. म्हणून साहेब लोक बंगल्यावरच्या पाट्याही त्यांच्याकडूनच रंगवून घेत. कॉलनीतली निम्मी आडनावं अण्णांच्या हातची होती. साहेबाची बदली झाली की जुनं नाव खरवडायचं, नवीन लिहायचं. अण्णांना मात्र सगळे पेंटरच म्हणत. चाळीस वर्षं, "ए पेंटर."

आमच्या दारावर पाटी नव्हती. लहानपणी मी विचारलं होतं, का नाही? अण्णा म्हणाले, "आपल्याकडं कोण येतं पाटी वाचून?"

घरात पुस्तकं थोडी, पत्रकं फार. सभेची, मोर्चाची, जयंतीची. अण्णा ब्रश पुसायला जुने पेपर घेत, पत्रक कधी घेत नसत. पत्रकांची चळत ट्रंकेत असायची. मी वाचायला त्यांच्यावरच शिकलो. त्यामुळे मला लहानपणीच मोठे शब्द पाठ होते. अस्मिता. स्वाभिमान. पाठ असलेले शब्द शेडमागे कामाला आले नाहीत.

फुटबॉल मी मोबाइलवर शिकलो. इंग्लंडमधल्या एका मिडफिल्डरला बघून. तोही आठ नंबर. फार मोठा नव्हता. लहान क्लबातून वर आला, गुडघा मोडला, दोन वर्षं बाहेर बसला, पुन्हा आला, खालच्या डिव्हिजनला उतरला. त्याची सगळी कारकीर्द मला पाठ. गोल थोडेच. पण बॉल घेण्याआधी तो मान वळवून मागे बघायचा, एकदा या खांद्यावरून, एकदा त्या. मधल्या फळीतल्या खेळाडूला हे करावंच लागतं. मागून कोण येतंय हे कळलं नाही तर तो संपला. हे मला शिकायला वेळ लागला नाही. ते मी शाळेपासून करत होतो.

एकदा त्याच्या आडनावाचा अर्थ शोधला. कातडी कमावणारा. त्याच्या पणजोबाचा पणजोबा कधीतरी कातडी भिजवत, खरडत बसला असेल. आणि आज त्याच्या पाठीवर ते नाव आहे आणि स्टेडियमभर लोक ते गाण्यासारखं म्हणतात. त्याला कुणी शेडमागे नेलं नाही. निवृत्त झाला त्या दिवशी म्हातारी माणसं रडत होती, त्याच्या आडनावाचे मफलर हातात धरून. मी ते बघत राहिलो. आमच्याकडे कातड्याच्या नावाला लोक गातात का? लोक काय म्हणतात ते मला माहीत आहे.

तो सीझन मी एकलहरेकर म्हणून खेळलो. आणि आयुष्यातलं सगळ्यात चांगलं खेळलो. हे फार दुखतं. लोक ओरडायचे, "एकलहरेकर, सोड! एकलहरेकर, डावीकडे!" आणि माझी मान वळायची. दोन महिन्यांत मी त्या नावाला ओ द्यायला लागलो.

सेमीफायनलनंतर पेपरात फोटो आला. पाठमोरा. अण्णा पेपर घेऊन ओट्यावर बसले. त्यांनी आधी बातमी वाचली, बोट फिरवत. पुन्हा वाचली. मग फोटोतली इंग्रजी अक्षरं एकेक करून लावली. बोर्ड रंगवून रंगवून त्यांना ती येत होती.

"अक्षरं चांगली हायेत," ते म्हणाले. "नाव कुणाचं हाय?"

मी सांगितलं. भाऊ, स्पॉन्सर, पब्लिक, सगळं.

अण्णा बराच वेळ ब्रशचे केस बोटांनी सरळ करत राहिले. मग म्हणाले, "तुला लाज वाटत आसंल तर तसं सांग. अफिडेविट करू, गॅझेटला टाकू. तुझ्या चुलत्याच्या पोरानं फ्लॅटसाठी केलंच ना. मी सही देतो. पण आसं चोरून नको."

"लाज नाही अण्णा. फक्त जर्सीपुरतं आहे."

"जर्सीपुरतं," अण्णा म्हणाले. एवढंच.

फायनल व्हायच्या आधीच, त्या थंडीत अण्णा गेले. सकाळी कामावर निघताना छातीत कळ आली. नाशिकरोडच्या दवाखान्यात पोचेपर्यंत संपलं होतं.

पुण्यानुमोदनाच्या आदल्या दिवशी फाट्यावर फ्लेक्स लागला. तो गोलीने लावला होता. गोली म्हणजे आमचा गोलकीपर, सायखेड्याचा, घरचे द्राक्षाचे मळे. सरावाला जाता-येता मला फाट्यावरून गाडीवर घ्यायचा. आमच्या घरी चहा प्यायचा, अण्णांना काका म्हणायचा. स्वतःच्या खिशातून त्याने फ्लेक्स केला होता. अण्णांचा हसरा फोटो, वर 'भावपूर्ण श्रद्धांजली', खाली क्लबचं नाव. आणि मधे, मोठ्या लाल अक्षरांत, अण्णांचं नाव. त्याच्यापुढे एकलहरेकर.

मी गोलीला फोन केला. फ्लेक्स बघितला म्हणालो.

"काय झालं? फोटो नाय का चांगला आला?"

"आडनाव, गोली."

"का? स्पेलिंग चुकलं का?"

त्याला माहीत नव्हतं. तीन वर्षं एका गाडीवर बसलो, त्याला माझं आडनाव माहीत नव्हतं. आधी तो मला नावाने हाक मारायचा, नंतर जर्सीवर वाचलं तेच खरं धरलं. जर्सी वाटली त्या दिवशी तो द्राक्षाच्या छाटणीमुळे आला नव्हता. त्याच्यावर रागवायलाही जागा नव्हती. नाव मीच त्याला दिलं होतं.

मी फाट्यावर जाऊन फ्लेक्स उतरवला. पण तो दिवसभर लागलेला होता.

पुण्यानुमोदन झालं. वंदना झाली, जेवणं झाली. अण्णांबरोबर चाळीस वर्षं काम केलेले एक फिटर होते, सय्यदचाचा, आता रिटायर होऊन नाशिकरोडला राहणारे. ते आले नाहीत. आई दोनदा म्हणाली, "चाचा कसे नाय आले?" तिसऱ्या दिवशी ते धापा टाकत दारात उभे.

"बेटा, मी फाट्यावरून गेलो रे त्या दिवशी. फोटो बघितला. म्हटलं, हा तर आपला पेंटर. गाडी थांबवली. मग नाव वाचलं. म्हटलं, नाय, हा कुणी दुसरा हाय. चेहरा सारखा असतो एकेकाचा. आन् गेलो निघून. आज केंद्राच्या गेटवर कळलं, पेंटर गेला." ते ओट्यावर बसले आणि अण्णा बसायचे त्या जागेवर हात फिरवत राहिले. "माझ्या दोस्ताच्या मयतीवरून मी निघून गेलो रे."

ज्या माणसाने जन्मभर दुसऱ्यांची नावं बिनचूक लिहिली, त्याचं स्वतःचं नाव मरणाच्या फ्लेक्सवर चुकलं. आणि ते कुणा भाऊमुळे चुकलं नाही. माझ्या 'चालेल'मुळे चुकलं.

फायनल पुढच्या रविवारी होती. शनिवारी मी जर्सी घेतली, इस्त्री तापवली. चिकटवलेली अक्षरं गरम करून नखांनी सोलली. एकेक. अकरा अक्षरं. बोटं भाजली. कापडावर डाग राहिले, अजून नीट बघितलं तर एकलहरेकर वाचता येतं. त्याच्यावर अण्णांच्या डब्यातल्या पिवळ्या ऑइलपेंटने, अण्णांच्या ब्रशने, मराठीत, मी आमचं आडनाव लिहिलं. माझं अक्षर अण्णांसारखं नाही. वाकडं आलं. रंग एका ठिकाणी ओघळला. आई बघत होती. तिने जर्सी दोरीवर नीट पसरून वाळत घातली, पाठ रस्त्याकडे करून.

शेडमध्ये मी जर्सी घातली तेव्हा सगळे माझी पाठ वाचायला लागले.

भाऊ आले. "हे काय आहे?"

"माझं आडनाव."

"अरे, दुःख आहे, मान्य. पण ही पद्धत आहे का? स्पॉन्सर समोर बसलेत. उद्या पेपरात फोटो येईल."

"यायलाच हवा."

भाऊ चिडले नाहीत. पुन्हा तोच हात खांद्यावर. "पिशवीत जादा जर्सी आहे. बिननावाची. ती घाल. एवढी एक मॅच चालवून घे. पुढच्या सीझनला बघू."

चालवून घे. केवढा सोज्वळ शब्द. आमचे आजोबा चालवून घेत गेले, अण्णा चालवून घेत गेले.

"नाही चालणार, भाऊ."

"मग बाहेर बस."

गोली हातमोजे घालत होता. तो हळूच म्हणाला, "यार, घाल ना ती बिननावाची. फायनल हाय. तुझ्याशिवाय मधे कोण?"

"तू पण बिननावाची घालतोस का?"

त्याने हात मागे नेऊन स्वतःच्या पाठीला लावला. तिथे त्याचं आडनाव होतं. त्याने ते कधी बघितलं नसावं, त्याला बघायची गरजच पडली नव्हती. शिट्टी झाली, तो मैदानात गेला.

मी पिशवी उचलून निघालो. बसस्टॉपवर उभा असताना मैदानातून ओरडा ऐकू आला. गोल. आमचाच. ते जिंकले. माझ्याशिवाय जिंकले.

त्यानंतर क्लबचा फोन आला नाही. नाशिकमध्ये क्लब थोडे, आणि सगळ्या सेक्रेटऱ्यांच्या एकमेकांशी ओळखी. दोन ठिकाणी मी जाऊन आलो. दोन्ही ठिकाणी गोड बोलले. "तुझा खेळ चांगला आहे, पण टीममध्ये वातावरण हवं." चोविसाव्या वर्षी माझी कारकीर्द संपली. आता कंपनीत रात्रपाळी करतो, सकाळी घरी येताना अजून पाय वळवळतात. चालताना मी अजून मान वळवून मागे बघतो. बॉल येत नाही.

याचं मला दुःख आहे. ते मी लपवणार नाही. नाव परत मिळालं म्हणून खेळ गेल्याचं दुःख कमी होत नाही. अण्णांनी पेपरातून कापलेला तो पाठमोरा फोटो ट्रंकेत पत्रकांच्या चळतीत सापडला. त्यांनी तो फेकला नव्हता. आडनावावर पेन्सिलीने एक बारीक रेघ मारली होती, पुसता येईल अशी.

आता आमच्या दारावर पाटी आहे. लोखंडी पत्रा, निळी जमीन, पिवळी अक्षरं. अण्णांचं पूर्ण नाव, आडनावासकट. मी रंगवली. अक्षर वाकडंच आहे.

हे वाचताना तुम्ही माझं आडनाव शोधत असाल. पहिल्या ओळीपासून शोधत असाल. ते कळल्याशिवाय मला कुठल्या ओळीत बसवायचं ते तुम्हाला ठरवता येत नाही. इथे ते मिळणार नाही. आडून विचारू नका, गाव कोणतं, कुळ कोणतं, पाहुणे कुठले. एकलहऱ्याला या. दार रस्त्याला लागून आहे. पाटी वाचा, मोठ्याने वाचा, आणि मग कडी वाजवा.

वाचून परत फिरायचं असेल तर फिरा. पाटी उतरणार नाही.