शिवेवरचं ओझं

आमच्या घरात लिंबू फक्त सरबतासाठी येतं, हे आधीच सांगून टाकतो. दाराला लिंबू-मिरची नाही, देव्हारा नाही, कुणाच्या अंगात येणं नाही. वडिलांनी छप्पन साली दीक्षा घेतली तेव्हा घरातले देवांचे टाकसुद्धा नदीत सोडले. एखादा पाहुणा भुताची गोष्ट सांगायला लागला, की ते "चहा घ्या आन् निघा" म्हणायचे. अशा घरात वाढलेला मी या भुताखेतांच्या सदरासाठी कधी लिहीन असं वाटलं नव्हतं. तुम्हाला पटावंच असा माझा आग्रह नाही... मलाही अजून नीट पटलेलं नाही.

गोष्ट चौऱ्याण्णवच्या वैशाखातली. मी तेव्हा राहात्याला एका कॉलेजात तासिका तत्त्वावर इतिहास शिकवायचो. म्हणजे शिकवायचं सगळं आणि स्टाफरूममध्ये खुर्ची रिकामी असली तर बसायचं. पर्मनंट व्हायचं तर पीएच.डी. हवी. मी विषय घेतला होता नगर जिल्ह्यातल्या मध्ययुगीन रस्त्यांचा. निजामशाहीपासून पेशवाईपर्यंत नगरहून पैठणकडे, जुन्नरकडे जाणाऱ्या वाटा, त्यांवरचे घाट, बारवा, सराया, जकातीची ठाणी. घोडे, पालख्या, लमाणांचे बैल यांची प्रकरणं माझ्या गाईड सरांनी कौतुकानं पास केली. एका प्रकरणावर मात्र गाडं अडलं.

ते प्रकरण सामानाचं होतं. त्या काळात फरसबंद रस्ता क्वचितच असायचा. बैलांचा तांडा सोबत नसला, की सरदाराचं सामान माणसाच्या डोक्यावरून जायचं. एका गावच्या माणसांनी ते आपल्या शिवेपर्यंत न्यायचं आणि तिथे उभं राहून हाका मारायच्या. मग पुढच्या गावची माणसं येणार, ओझं आपल्या डोक्यावर घेणार आणि त्यांच्या पलीकडच्या शिवेपर्यंत पोहोचवणार. असं करत करत ते पैठणला जायचं. मजुरी नाही — वेठ. आणि ती माणसं कोण? आम्ही. पुढे सरदार गेले, साहेब आले, डोकी तीच राहिली. माझ्या वडिलांच्या तरुणपणापर्यंत हे चालू होतं.

सर म्हणाले, "पुरावा आणा. नाहीतर प्रकरण काढून टाका. भावनेवर डिग्री मिळत नाही."

पुरावा आमच्या घरात, बाजेवर बसलेला होता. माझे वडील, आम्ही त्यांना दादा म्हणायचो, त्यांनी स्वतः हे ओझं वाहिलं होतं. पण ते त्यावर एक अक्षर बोलायचे नाहीत. मी टेपरेकॉर्डर समोर ठेवला, की ते उठून बैलाला पाणी दाखवायला जायचे. शेवटी एकदा चिडून म्हणाले, "टाकलं ते टाकलं. तेचं नाव काढू नको." सरांना त्यांची जबानी हवी आणि ते तोंड उघडेनात, असा मी दोन्हीकडून लटकलो होतो. दादा बोलले नाहीत, तर आमच्या माणसांशिवायच त्या रस्त्यांचा इतिहास छापला जाणार होता.

सुट्टीत मी गावी आलो. आमचं गाव शेवगाव तालुक्यात, तिसगाव–अमरापूरच्या डांबरी रस्त्यापासून आत. गावाचं आणि शेजारच्या गावाचं नाव देत नाही, दोन्हीकडे आमची माणसं आहेत. आमच्या वस्तीमागून पैठणची जुनी वाट जाते. आता ती म्हणजे दोन्ही बाजूंना निवडुंग आणि मधे खोल गेलेली पांद. मधली बारव लोकांनी दगडांनी बुजवून टाकलीय. फोटो काढावेत, मापं घ्यावीत म्हणून कॅमेरा आणि खिशात मापाची टेप घेऊन जेवणानंतर एकटाच निघालो. ऊन असं, की चिटपाखरू नव्हतं.

शिवेच्या दगडापलीकडे एक माणूस उभा होता.

गुडघ्यापर्यंत धोतर, अंग उघडं, डोक्यावर फडक्याची गोल चुंबळ आणि त्यावर दोरीनं आवळलेली भलीमोठी वळकटी. वळकटीवर तांब्याचं घंगाळं पालथं बांधलेलं. दोन्ही हात वर धरलेले. घाम नव्हता, हे मला नंतर आठवलं. मला वाटलं, कुणाचं तरी बिऱ्हाड हलतंय.

"जरा हात लावा की," तो म्हणाला. "लई येळ झाला हाका मारतुय. तुमच्याकडचं कुनी येईना."

डोक्यावर ओझं असलेल्या माणसानं हात लावायला सांगितलं, तर आमच्याकडे कुणी विचार करत बसत नाही. कॅमेरा गळ्यात सोडून मी दगडावरून वाकलो, वळकटीखाली हात घातले. मी ती खाली उतरवणार होतो. पण त्यानं सवयीनं मान झुकवून अंग काढून घेतलं आणि चुंबळीसकट ते सगळं माझ्या डोक्यावर आलं. मान खांद्यात गेली.

"अहो, खाली ठेवू द्या ना."

"खाली न्हाई ठिवायचं," तो घाईनं म्हणाला. "मला शीव वलांडता येत न्हाई. तुमी जावा."

ठेवता मला येत होतं. दोन्ही हात धड होते, रस्ता मोकळा होता. पण ठेवायचा विचार आला, की मनात यायचं... आपली चामडी लोळवतील, आपल्या पोराबाळांना गावाबाहेर काढतील. कोण लोळवणार? चौऱ्याण्णव साल चालू आहे, मी एम. ए. आहे, हे सगळं मला माहीत होतं. ती भीती माझी नव्हती, तरी पाय तिचंच ऐकत होते. मी वळलो आणि वस्तीकडे चालू लागलो. मागे वळून बघायला मान फिरत नव्हती. पांदीच्या धुळीत माझेच पाय पडताना दिसत होते आणि घंगाळ्याची कडी वळकटीवर टकटक वाजत होती.

वस्तीच्या तोंडाशी दादा समोर आले. एरवी हळू चालणारा माणूस धावत आला.

"हात खाली घे!" ते ओरडले. "आधी हात खाली घे!"

मी हात खाली घेतले. डोक्यावर काहीच नव्हतं. गळ्यात कॅमेरा तेवढा होता. शिवेपासून मी दोन्ही हात डोक्यावर धरून, मान मोडून, रिकामाच चालत आलो होतो.

दादांनी मला बाजेवर बसवलं, पाणी दिलं. मी म्हटलं, ऊन लागलं असेल. माझे केस बाजूला करून त्यांनी टाळू पाहिली. तिथे चुंबळीचा लाल गोल वळ उठला होता. तो मी नंतर आरशातही पाहिला, दोन-तीन दिवस होता.

"काय हुतं वझ्यात?"

मी वळकटी सांगितली, घंगाळं सांगितलं. घंगाळ्याचं नाव काढल्यावर दादा खालीच बसले.

"लक्षुमन," ते म्हणाले. "पलीकडच्या गावचा. माझ्याच वयाचा."

टेपरेकॉर्डर आतल्या खोलीत होता. मी उठलो नाही.

"दीक्षेनंतरचा पैला उन्हाळा. आमी ठरीवलेलं, मेलेलं ढोर वढायचं न्हाई, कुनाचं वझं उचलायचं न्हाई. तेंच्या गावात अजून धीर झाला न्हवता. कुनी सरकारी सायेब आल्ता. सायेब घोड्यावर फुडं गेला आन् तेचं सामान घिऊन लक्षुमन शिवंवर आला. हाका मारीत हुता. आमी हितं बसून ऐकत हुतो. कुनी उठलं न्हाई."

"मग त्यानं खाली ठेवायचं ना, दादा."

"ठिवलं तर गाव चामडी लोळवनार. माघारी न्यावं तरी तेच."

"आपल्याकडे यायचं होतं."

"शीव वलांडायची न्हाई. येकदा वलांडली की वहिवाट पडती. मंग फुडच्या गावचं वझं बी कायमचं तेंच्याच डोईवर. बापजाद्यांनी तेच शिकीवलेलं. आमाला बी." दादांनी तोंडावरून हात फिरवला. "दुपारनं हाका थांबल्या. आमाला वाटलं, गेला माघारी. सांजच्याला ढोरं घिऊन आलेल्यांनी सांगितलं... वझ्यासकट मरून पडला हुता."

मला राग आला, तो कुणावर काढावा कळेना. दादांवर काढावा, तर त्या दिवशी ते उठले असते तर मीही आज कुणाचं तरी सामान वाहत असतो. वस्तीनं शब्द पाळला, लक्ष्मणानं शिकवलेलं पाळलं आणि तो साहेब पुढच्या गावी दुसऱ्याच्या घंगाळ्यात अंघोळ करून झोपला असेल.

"शपथ 'वझं उचलायचं न्हाई' यवढीच हुती," दादा म्हणाले. "जाऊन 'ठिव खाली' म्हनायला काय झाल्तं मला?"

मी म्हटलं, जाऊ द्या दादा, जुनी गोष्ट आहे. तर माझ्यावरच खेकसले. "कशी जुनी? तू आलास तवा तुझं हात रिकामं हुतं. म्हंजी वझं तेच्याच डोईवर हाय अजून."

भुताचं नाव काढणाऱ्याला घराबाहेर काढणारा माणूस हे बोलत होता.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी त्यांनी धुतलेला सदरा घातला आणि पांद धरली. मी मागे. शिवेच्या दगडापाशी मला कुणीच दिसलं नाही. पलीकडे ढेकळं आणि ऊन. दादांना काय दिसत होतं ते मी कधी विचारलं नाही. ते दगडापाशी उभे राहिले आणि आयुष्यात मी ऐकला नव्हता अशा आवाजात ओरडले —

"लक्षुमना! मी आलोय! टाक खाली! कुनी मारत न्हाई आता... टाक!"

काही झालं नाही. ते परत ओरडले. तिसऱ्यांदा त्यांचा आवाज फाटला, "टाक की रं गड्या," असं काहीतरी म्हणाले.

आणि तांबं दगडावर आपटल्याचा आवाज झाला. माझ्यापासून हातभर अंतरावर. मग ते घरंगळत गेल्याचा. मी डोळे उघडे ठेवून उभा होतो, मला धुळीचा कणही हललेला दिसला नाही. दादा लहान मुलासारखे रडले. आमच्या आईच्या मरणातही मी त्यांना असं रडताना पाहिलं नव्हतं.

प्रकरण मी लक्ष्मणासकट लिहिलं. सरांनी विचारलं, साहेबाचं नाव काय, खातं कोणतं, तारीख काय? पलीकडच्या गावी कुणी बोलायला तयार नव्हतं. सर म्हणाले, एवढं काढा, पुढच्या महिन्यात सबमिट करू. मी काढलं नाही. त्यांनी सही केली नाही. आजही मी तासिका तत्त्वावरच आहे आणि नगरच्या रस्त्यांवर पुस्तकं निघतात, त्यांत घोड्यांच्या जाती असतात. याचा मला राग आहे. तो कमी होत नाही आणि व्हावा असं वाटतही नाही.

दादा पुढे चार पावसाळे काढून गेले. तो आवाज कसला होता, माझ्या टाळूवर वळ कशानं आला, ज्याच्याबद्दल कधी ऐकलं नव्हतं ते घंगाळं मला कसं दिसलं... ऊन लागलं असेल म्हणा, मी वाद घालणार नाही. गावी गेलो की मी शिवेवर एक चक्कर मारतो. दगडाच्या आमच्या बाजूला एक जुना कडुलिंब आहे, दादांच्या जन्माआधीचा. भर दुपारी त्याची सावली दगडाच्या अगदी जवळ येते. पलीकडे उभं राहिलेल्या माणसानं दोन पावलं टाकली असती, तर तो तिच्यात आला असता.