समोरचा खेळाडू डाव सोडून गेला

लुडोचा खेळ चालवणाऱ्या कंपनीने माझ्या मित्राला फसवलं. माझ्या दुकानातून फसवलं, म्हणून हे मी लिहितो आहे. नाहीतर लिहिणं हा काही माझा धंदा नाही.

मेहकरहून लोणारकडे जाणाऱ्या रस्त्यावर आमचं गाव आहे, आणि फाट्यावर माझं मोबाइलचं दुकान. आठवडी बाजारात पोतं अंथरून कव्हरं आणि चार्जर विकण्यापासून मी सुरुवात केली. बापाकडून काही मिळालं नव्हतं आणि कोणाचा वशिलाही नव्हता. ठोकवाल्याशी भाव करताना माझा आवाज चढतो, हे सगळ्या तालुक्याला ठाऊक आहे. त्या खेळाचा माणूस दुकानात आला तेव्हाही मी त्याच्याकडून मोठा फलक, छत्री आणि भिंतीचा रंग काढून घेतला. बदल्यात माझ्याकडून विकल्या जाणाऱ्या प्रत्येक फोनमध्ये तो खेळ टाकून द्यायचा होता. सौद्यात खोट नव्हती, खोट मालात निघाली.

मित्र माझ्या वर्गातला. तो, त्याचा धाकटा भाऊ, दोघांची मिळून शेती आणि सगळ्या शेतात बीटी कापूस. ज्या बियाण्याला अळी लागत नाही म्हणून आम्हाला सांगितलं होतं, त्याच्या बोंडात त्या वर्षी गुलाबी अळी निघाली. वरून हिरवंगार, फोडलं की आत किडकं. धाकटा म्हणाला, उपटून टाकू आणि हरभरा पेरू. थोरला, म्हणजे माझा मित्र, म्हणाला, आणखी एक फवारणी करून पाहू. धाकट्याने हात लावला नाही, म्हणून थोरल्याने एकट्याने पाठीवर पंप घेतला. पंप गळका होता, वारा उलटा होता, विषारी औषध अंगावर आणि नाकातोंडात गेलं. दुपारी तो बांधावर पडलेला सापडला.

दवाखान्यातून जिवंत आला, पण पहिल्यासारखा नाही. हात थरथरायचे आणि ओसरीतून अंगणात गेला तरी दम लागायचा. दवाखान्याच्या दारात धाकटा त्याला म्हणाला होता की मी सांगत होतो, तू ऐकलं नाही. त्यावर थोरला सगळ्यांसमोर म्हणाला, "तुले सोडून जायचं असन तर जाय. पाय कोनं बांधले तुये?" धाकटा गेला. पुण्याकडे चाकणच्या एका कारखान्यात लागला. त्यानंतर दोघांत एक शब्द नाही. दिवाळीलाही नाही.

बियाण्याची चौकशी करायला माणसं आली होती, तेही सांगून टाकतो. त्यांनी एकच विचारलं: बीटी पचवायची सवय अळीला लागू नये म्हणून पाकिटासोबत साध्या कापसाची जी लहान पुडी मिळते, ती शेताच्या कडेने लावली होती का? आमच्याकडे कोणीच लावत नाही. त्या बियाण्याने लोक नांग्या भरतात, म्हणजे जिथे उगवलं नाही त्या जागा भरून काढतात. मग चूक तुमची, असं म्हणून माणसं गाडीत बसून गेली. ते वाक्य लक्षात ठेवा. पुढे तेच, वेगळ्या शब्दांत, मला फोनच्या पडद्यावर वाचायला मिळालं.

वहिनी, म्हणजे मित्राची बायको, दुसऱ्यांच्या शेतात कापूस वेचायला जाऊ लागली. घरी एकट्या पडलेल्या नवऱ्यासाठी तिने माझ्याकडून फोन नेला. खेळ मी टाकून दिला. त्या खेळाची सवय अशी की तो सुरू केला की फोनमधल्या सगळ्या नंबरांना आपणहून बोलावणं पाठवतो. ते चाकणलाही गेलं, आणि धाकट्याने स्वीकारलं.

मी तेव्हा ओसरीतच बसलो होतो. मित्राचं थरथरतं बोट फाशावर पडलं, सोंगटी सरकली, समोरून फासा पडला. डाव संपल्यावर धाकट्याकडून एक चित्र आलं, चहाच्या कपाचं. खेळात अशी चित्रं तयार असतात. मित्राने ते बराच वेळ पाहिलं आणि मग त्यानेही कपच पाठवला. तेव्हापासून धाकट्याच्या जेवणाच्या सुट्टीत रोज एक डाव. फोनवर बोलणं नाही, आवाज नाही, फक्त डाव आणि शेवटी कप.

वहिनीने मला दारात गाठून सांगितलं, "भाऊजी, दोघं बोलत नाईत, पन खेळून राह्यले. तुमी मधात काई बोलू नका." मी बोललो नाही. माझ्यासारख्याला गप्प बसणं किती जड जातं ते मला माहीत. पण धाकटा पोळ्याला येईल अशी आशा तिला वाटत होती, आणि खरं सांगायचं तर मलाही.

मग कंपनीने खेळ बदलला. नवं रूप आलं, सोंगट्या चमकायला लागल्या, आणि मित्राचा डाव मध्येच तुटायला लागला. दोन-चार फासे पडायचे, गोल चक्र फिरत राहायचं आणि पाटी यायची: 'संपर्क तुटला. कृपया आपलं इंटरनेट तपासा.' वहिनी फोन घेऊन दुकानात आली. मी सिम बदललं. फोनमध्ये साठलेला कचरा साफ केला. खेळ काढून पुन्हा टाकला. माझ्या फोनचं इंटरनेट त्याच्या फोनला जोडून पाहिलं. माझ्या फोनवर चालायचं, त्याच्या फोनवर त्याच इंटरनेटवर तुटायचं. म्हणजे इंटरनेटचा दोष नव्हता. एवढं तर कोणालाही कळेल, पण पाटी तेच म्हणत होती.

तपासायचं म्हणून एकदा मी दुकानातून त्याच्याशी डाव मांडला. तो घरी, मी इथे. तिसऱ्या फाशाला माझ्या पडद्यावर अक्षरं आली: 'समोरचा खेळाडू डाव सोडून गेला.'

मी तसाच दुकान उघडं टाकून त्याच्या घरी गेलो. तो ओसरीत फोन हातात धरून बसला होता आणि फिरत्या चक्राकडे पाहत होता. कुठेच गेला नव्हता. जाणार कुठे? आणि तेव्हा माझ्या डोक्यात आलं की चाकणला रोज हीच पाटी दिसत असणार. ज्या भावाला सगळ्यांसमोर 'सोडून जाय' म्हटलं, त्याला कंपनी रोज दुपारी जेवणाच्या सुट्टीत सांगत होती की तुझा भाऊ तुला सोडून गेला.

शेवटी मी फोन पुसून कोरा केला. खेळ चालू झाला, एकदाही तुटला नाही. मित्र हसला, म्हणाला, "शेठ, वाचवलं बुवा." दुसऱ्या दिवशी वहिनी पुन्हा दारात. पुन्हा तुटलं. मी चिडलो, तिच्यावरही ओरडलो. पुन्हा कोरा केला, आणि या वेळी घरी जाऊन समोर बसलो. वहिनीने फोन हातात घेतला आणि सरावाने पहिलं काम काय केलं, तर घड्याळ पुढे केलं.

आता हे आमच्या गावाबाहेरच्या माणसाला सांगावं लागेल. आमच्या फाट्यावरून मेहकरला जाणारी सकाळची एसटी वेळेआधी निघून जायची. बऱ्याच जणांची तालुक्याची कामं, दवाखाने, कोर्टाच्या तारखा बुडाल्या. तक्रारी करून झाल्या. मग किराणा दुकानदाराने त्याचं भिंतीवरचं घड्याळ पुढे लावलं, त्याचं पाहून शाळेने, देवळाने, मग घराघराने. मजूर नेणारा टेम्पोही त्याच वेळेने सुटतो. आम्ही त्याला गावची वेळ म्हणतो. मोबाइल आले तेव्हा लोकांनी तेही गावच्या वेळेला लावले. नवीन फोन घरात आला की आधी घड्याळ पुढे करायचं, मग नारळ. माझा फोन तेवढा खऱ्या वेळेवर, कारण ठोकवाल्यांशी गावच्या वेळेने धंदा होत नाही.

नव्या खेळाला ते चालत नव्हतं. फोनची वेळ आणि कंपनीची वेळ जुळली नाही की तो मधेच हात झटकून मोकळा होत होता. जुना खेळ वेळ पाहत नव्हता, नवा पाहायला लागला होता. गावातल्या बाकीच्यांनी तुटायला लागला तसा खेळ काढूनच टाकला होता. ते कोणाला सांगितलं नव्हतं. पाटीवर 'घड्याळ तपासा' एवढे दोन शब्द असते, तर काम पहिल्याच दिवशी झालं असतं.

मी घड्याळ सरळ केलं आणि वहिनीला बजावलं. खेळ उघडला. आता वेगळीच पाटी: 'वारंवार डाव सोडल्यामुळे आपलं खातं बंद करण्यात आलं आहे.'

त्यांच्या मदत केंद्राला मी लिहिलं. आधी नीट लिहिलं, मग माझ्या पद्धतीने लिहिलं. सगळं सांगितलं: घड्याळ, गावची वेळ, दोघं भाऊ. उत्तर यायचं की आपलं इंटरनेट तपासा, फोन बंद करून चालू करा, संयमाबद्दल धन्यवाद. कोणत्याही बाजारात मी कोणाशीही भाव केला आहे, पण समोर माणूस असतो. इथे ज्याच्यावर ओरडावं असा माणूसच नव्हता. फलक देणाऱ्याला फोन लावला, तर त्याने ते काम केव्हाच सोडलं होतं.

नवं खातं काढलं आणि चाकणला बोलावणं पाठवलं. उत्तर नाही. तेव्हा वहिनीला न विचारता मी धाकट्याला फोन केला आणि घड्याळाची गोष्ट सांगितली. तो ऐकत राहिला, मग म्हणाला, "घड्यायानं कोनी डाव सोडते काय, भाऊ? तो हारायले लागला का उठून जाते. लहानपनापासून पाहून राह्यलो मी त्याले."

"अबे, मी सोता त्याच्या समोर होतो."

"तुमी त्याचे दोस्त. तुमी तेच सांगान." आणि फोन ठेवला.

पोळ्याला तो आला नाही. मित्र दुपारी फोन समोर ठेवून बसायचा. मी गेलो की विचारायचा, "तिकडून काई दिसते का बे?" मी म्हणायचो, कारखान्यात काम वाढलं असेल. कापूस वेचणीला आला तेव्हा मित्राची छाती कफाने भरली, श्वास पुरेना. वहिनी शेतातून परत येईपर्यंत सगळं संपलं होतं.

धाकटा रात्रभर प्रवास करून आला. राख सावडून झाल्यावर तो ओसरीत भावाच्या जागेवर बसला होता. मी फोन आणून त्याच्या हातात दिला. दोन्ही घड्याळं शेजारी ठेवून दाखवली, वेळ पुढे-मागे करून दाखवली. त्याने मान हलवली. मला वाटलं, पटलं. मग त्याने स्वतःच भावाचं जुनं खातं उघडलं, आणि ती पाटी होती तशीच होती. वारंवार डाव सोडल्यामुळे. त्याने ती बोट ठेवून वाचली.

"हे तर लिहेल हाये, भाऊ," तो म्हणाला. "एवढी मोठी कंपनी खोटं काऊन लिहीन?"

वहिनी आतल्या दारात उभी होती, तिने पदर तोंडाशी नेला. तो संध्याकाळच्या गाडीने गेला. आता शेतात त्याचा वाटा वेगळा पाडायचं चाललं आहे.

दुकानावरचा फलक मी त्याच आठवड्यात उतरवला आणि छत्री फाडली. त्याने काही होत नाही, मला समजतं. बियाणंवाले म्हणाले, चूक तुमची. हे म्हणतात, इंटरनेट तुमचं. दोघांनाही आमच्या ओसरीत काय झालं ते दिसत नाही, पण निकाल देता येतो. मला नुकसानभरपाई नको, माफी नको. ती पाटी ज्याने लिहिली, तो एक माणूस कुठेतरी असेल. त्याने चाकणला त्या धाकट्याला दोन ओळी लिहाव्यात की तुझा भाऊ डाव सोडून गेला नव्हता, आम्ही त्याला बाहेर काढलं आणि नाव त्याचं घेतलं. कोण लिहिणार आहे ते सांगा. मी दुकानात बसलेलो आहे.